फाशीचे शेंगदाणे

गेल्या आठवड्यात मुक्ताच्या मिसचा मेसेज आला. शाळेच्या ग्रुपवर नाही, थेट मला. ‘मुक्ता रोज पेन्सिलींची टोकं मोडते. स्वतःची, शेजारच्या मुलाची, काल तर माझ्या टेबलावरचीसुद्धा. घरी काही टेन्शन आहे का?’

पहिलीतली पोरगी! माझी झोपच उडाली. महेश, म्हणजे माझा नवरा, म्हणाला, “अगं, पेन्सिलीच मोडतीय ना? डोकी तर फोडत नाही?” आणि कूस बदलून घोरायला लागला. त्याला काय सांगू? टोक मोडायचं ते कधी, हे मुक्तानं कुठं ऐकलंय ते मला पक्कं माहीत होतं. आमच्या मंडळात. तेही माझ्या मांडीवर बसून.

मंडळाचे किस्से कुणी ठरवून जमवत नाही. स्वयंपाकघरात एका कॅरीबॅगमध्ये बाकीच्या कॅरीबॅग कोंबलेल्या असतात ना, तसे ते साठत जातात. एक ओढावी तर चार बाहेर येतात! आमच्या किश्शांचा वांधा एवढाच, की प्रत्येकाच्या तळाशी कुणीतरी मेलेलं असतं. आमचा विषयच तसा.

*

मंडळ म्हणजे आम्ही चौघी, जुळे सोलापुरातल्या एकाच बिल्डिंगमधल्या. मी, कोर्टात स्टेनो म्हणून रिटायर झालेल्या सरोजकाकू, मंद्रूपहून लग्न होऊन आलेली वैशाली, आणि पद्माक्का, ज्यांच्या घरी पूर्वी चादरीचे माग होते. दर शनिवारी दुपारी काकूंच्या डायनिंग टेबलावर वाचन. मुक्ताला ठेवायला कुणी नाही, म्हणून तीही यायची.

सुरुवात अध्यात्मानं केली होती. दुसऱ्याच शनिवारी काकूंनी पुस्तकातून मान वर केली, तर तिघी झोपलेल्या! काकू म्हणाल्या, “आत्म्याचं राहू द्या. पुढच्या वेळी खून आणते.”

तेव्हापासून एकही बाई पेंगलेली नाही.

*

वैशालीचा खुनी ठरलेला असतो. पहिल्या पानावर प्रेत पडलं की ती पुस्तक मिटते. “नवराच.”

“अगं, मेलेल्या बाईचं लग्नच झालेलं नाही!” मी एकदा ओरडले.

“मग ठरलं असंल की.”

तिचे मिस्टर तिला बाजाराला न्यायला आले की दारातूनच विचारतात, “काय, आज कुणाला मारलं?” त्यावर वैशालीचं उत्तर, “अजून न्हाय. तुमी गाडीत पेट्रोल टाकून या, मग बघू!”

*

पद्माक्का शेवटचं पान आधी वाचतात. आम्ही भांडलो, पुस्तक ओढून घेतलं, शेवटच्या पानांना रबरबँड लावून बघितलं. काही उपयोग नाही.

“मला बीपी आहे,” त्या शांतपणे म्हणाल्या. “कुणी मारलं ते कळल्याशिवाय मला मेलेल्याचं नीट दुःखच करता येत नाही.”

तेव्हा आम्ही खूप हसलो होतो.

*

खुनी सापडला की शिक्षेचं मतदान. टेबलावर दोन वाट्या: एक फाशीची, एक जन्मठेपेची. प्रत्येकीनं एकेक शेंगदाणा टाकायचा. सोलापूर म्हटल्यावर मताला दुसरं काय वापरणार!

एकदा चर्चा फार तापली. खुनी म्हातारा होता, आजारी होता, पण विष त्यानंच घातलं होतं. शेवटी तीन विरुद्ध एक अशी फाशी झाली. काकू निकाल जाहीर करायला उठल्या, तर फाशीची वाटी रिकामी!

मुक्ता गाल फुगवून बसली होती.

“काय खाल्लंस?”

“फाशी.”

सरोजकाकूंनी टेबलावर हात आपटला. “राष्ट्रपतींनी दयेचा अर्ज मंजूर केला! आरोपी वाचला!”

तेव्हापासून मुक्ताचं नाव राष्ट्रपती. मला आपलं दुसऱ्याच गोष्टीचं टेन्शन, की शेंगदाणा घशात अडकला असता तर? दोन दिवस तिला “नीट गिळतेस ना?” विचारत होते. मी अशीच आहे.

*

मग काकूंनी ते पुस्तक आणलं. गोष्ट एवढीच, की एका माणसाला फाशी दिली आणि काही वर्षांनी कळलं, त्यानं काही केलंच नव्हतं.

त्या शनिवारी कुणी वाट्या मांडल्या नाहीत. वैशालीसुद्धा नवऱ्याचं नाव घेईना.

काकू चष्मा पुसत म्हणाल्या, “मी एकदा घेतलाय तसला निकाल. शॉर्टहँडमध्ये. माणसाचं मरण किती कमी जागेत बसतं बाई! साहेबांनी सही केली आणि टेबलावर दाबून पेनची निब मोडली. टक्‌ असा आवाज आला. मग जेवायची सुट्टी झाली.”

“मोडतात कशाला?” पद्माक्कांनी विचारलं.

“त्या पेनानं परत कुणाचं मरण लिहिलं जाऊ नये म्हणून. एकदा मरण लिहिलं की ते पेन बाद.”

मुक्ता माझ्या मांडीवर बसून मोर रंगवत होती. मला वाटलं, तिचं लक्ष मोराकडे आहे.

*

जूनमध्ये नितीनभाऊजी गेले. महेशचा धाकटा भाऊ, मुक्ताचा काका. तिला गाडीच्या टाकीवर बसवून फिरवायचे आणि मी खिडकीतून “हळू, हळू!” ओरडायचे. त्या दिवशी ते हळूच चालले होते. पाइपलाइनसाठी रस्ता खोदला होता. चर उघडा, ना दिवा, ना दोरी, ना एखादं पिंप आडवं लावलेलं.

महापालिकेच्या ऑफिसात विचारलं तर ते म्हणाले, ठेकेदाराला विचारा. ठेकेदार म्हणाला, ऑफिसला विचारा. पंचनाम्यात लिहिलं ‘अपघात’. महेश चौकीत भांडायला लागला, तेव्हा तिथला हवालदार, बिचारा वाईट माणूस नव्हता, म्हणाला, “साहेब, खड्ड्याला बेड्या कशा घालायच्या, तुमीच सांगा.”

इतकी पुस्तकं वाचली आम्ही! कपाच्या कडेवरच्या डागावरून माणसं पकडली. आणि इथं सगळ्यांना सगळं माहीत, तरी कुणीच सापडेना.

चौघी भेटायला... चौघी काय, तिघीच, चौथी मीच. त्या घरी आल्या. पद्माक्का माझा हात धरून बसल्या. मग हळूच म्हणाल्या, “अश्विनी, याचं शेवटचं पान कुठं मिळेल गं?”

या वेळी कुणी हसलं नाही.

*

मंडळ तेव्हापासून बंदच होतं. पण मिसचा मेसेज आला आणि मी घाबरून तिघींना काकूंच्या टेबलाशी बोलावलं. “पोरगी मनातल्या मनात कुणाला तरी फाशी देतीय, काकू. आपल्यामुळं.”

“त्या ठेकेदाराला देत असंल तर देऊ दे की,” वैशाली म्हणाली. “निदान कुणीतरी देतंय.”

“गप्प बस गं,” काकू म्हणाल्या. त्यांचा चेहरा उतरला होता. “अश्विनी, आपण इथं बसून ठरवायचं नाही. तिलाच विचार.”

*

रविवारी सकाळी मी मुक्ताचं कंपास घेऊन गॅलरीत बसले. एकाही पेन्सिलीला टोक नव्हतं. मी शार्पनर फिरवत, अगदी सहज विचारल्यासारखं विचारलं, “राणी, कुणाला शिक्षा देतेस?”

“शिक्षा नाही.” मला काहीच कळत नाही, असा तिचा चेहरा. “पप्पांनी पेपरात द्यायला काकाचं नाव लिहिलं ना, त्याच्या आधी ‘कै.’ लिहिलं. मी विचारलं, कै काय? पप्पा म्हणाले, माणूस मेला की लिहितात.”

“मग?”

“मग पप्पांनी ते पेन खिशाला लावलं आणि ऑफिसला गेले! मोडलंच नाही!”

महेशचं निळं पेन कुठं हरवलं, ते मला तेव्हा कळलं.

“पण ते तर एक पेन होतं, बाळा. मिसच्या पेन्सिली कशाला मोडायच्या?”

“कुणाचं कुठल्यानं लिहितील, काय माहीत?”

मी तिला जवळ ओढलं. म्हटलं, पेनानं कुणी मरत नाही. म्हटलं, काका पेनामुळं नाही गेला. म्हटलं, मम्मी इथंच आहे, मम्मी कुठं जात नाही. बोलता बोलता माझाच आवाज मला खोटा वाटायला लागला, तरी मी बोलत राहिले. तिनं सगळं ऐकून घेतलं. मग मी नुकतीच टोक काढून ठेवलेली पेन्सिल तिनं उचलली, टोकावर बोट लावून बघितलं आणि म्हणाली,

“मम्मी, तुझं कुठल्यानं लिहिणारेत तेवढं सांग ना. बाकीच्यांची मी राहू देते.”