पाट्याखाली सुकलेले फोटो

पुष्पाबाईला जन्मात कुणी "कसं करू या?" म्हणून विचारलंच नव्हतं. धुळ्याकडचं गाव सोडून सुरतेला यायचं नवऱ्याने, मगनने, ठरवलं. तापीकाठची खोलीही त्यानेच घेतली. तो वारल्यावर कापडाच्या लूमवर जाणारा मुलगा हेमराज ठरवू लागला. हिने हो म्हणायचं आणि मागचं निस्तरायचं.

अठ्ठ्याण्णव सालच्या पुरात खोलीत गळ्याइतकं पाणी शिरलं. ते ओसरल्यावर हेमराजने पत्र्याची पेटी उपसली. रेशन कार्ड, शाळेचा दाखला ठेवायचा. कुजलेला शालू, लग्नपत्रिका टाकायची. बाईसाहेबांचं मत कोण घेतो! तळाशी दोन फोटो भिजून तोंडाला तोंड लावून बसले होते. मोठा मगनचा. लहान चंचलचा, सहाव्या वर्षी तापाने गेलेल्या लेकीचा. दोघांचे तेवढेच फोटो होते.

वाऱ्याने उडतील म्हणून पुष्पाबाईने ते तसेच उन्हात ठेवून वर पाटा ठेवला. करायला गेली गणपती आणि झाला मारुती. फोटो सुकून असे चिकटले की मध्ये नखही शिरेना.

"तुले कोनी सांगं?" हेमराज ओरडला.

दोघं नवागामच्या स्टुडिओत गेली. म्हाताऱ्या गुजराती फोटोवाल्याने फोटो पाण्यात बुडवून ठेवले, चाचपले आणि मान हलवली. एकाचा कागद मागून खरवडत गेलं तरच दुसऱ्याचा चेहरा सुटणार होता.

"मासी, एक ज बचशे," तो म्हणाला. "कोनो राखुं?"

कुणाचा ठेवू, असं तो पुष्पाबाईलाच विचारत होता. आजवर कुणी विचारलं नाही, आणि आता विचारायचं तर हे? तिला सगळ्यांचा राग आला, मगनचासुद्धा.

"आबाना," तिच्या आधी हेमराजच बोलला. "माय, पितरं शेतस."

त्याचंही चुकत नव्हतं. सर्वपित्री अमावास्या तोंडावर आलेली, घरात बापाचा फोटो हवाच. एवढ्याशा पोरीचं पितर कुणी घालत नाही. म्हाताऱ्याने लहान फोटो वर घेतला आणि पाठ घासू लागला. कागदाचा पहिला पापुद्रा सुटला.

पुष्पाबाईने त्याचं मनगट धरलं. परक्या पुरुषाचा हात तिने कधी धरला नव्हता.

"पोरीचा राखा, भाऊ."

"माय! लोके काय म्हनतीन?"

"तुना बापनं तोंड तुना तोंडवर शे, हेमराज. तिनं कोठे शे? सांग."

म्हाताऱ्याने फोटो उलटा केला. मगनच्या फोटोचा लगदा हळूहळू पाण्यात पडू लागला. खांदा गेला, मग मिशी. हेमराज दाराकडे तोंड करून उभा राहिला. पुष्पाबाई मात्र डोक्यावर पदर ओढून बघत राहिली. हेमराजच्या बापाला एकट्याला कसं जाऊ द्यायचं? शेवटी म्हाताऱ्याने चंचलचा चेहरा अलगद सोडवून तिच्यापुढे धरला, तेव्हाही तिची नजर त्या गढूळ पाण्यावरच होती.