ऐकायचं घड्याळ

वेळ हा डोळ्यांचा नसून कानांचा विषय आहे असं मनापासून मानणारा माणूस पृथ्वीवर एकच असावा, आणि काही वर्षं मी त्याचा भाडेकरू होतो. नागावला नारळीच्या वाडीत त्यांचं घर. मागच्या दोन खोल्यांत मी राहायचो आणि रोज अलिबागला कचेरीत जायचो. आमचे घरमालक, म्हणजे काका, सरकारी नोकरीतून निवृत्त झाल्यापासून त्यांनी घरातल्या एकाही यंत्राला सुखाने चालू दिलं नव्हतं. दारावरची घंटा तर त्यांनी अशी सुधारली होती की पाहुणा कंटाळून परत फिरला की ती वाजायची. "दार घाईने उघडू नये," एवढंच त्यांचं त्यावर म्हणणं होतं.

मग त्यांच्या बायकोच्या, काकूंच्या, डोळ्यांत मोतीबिंदू वाढला आणि भिंतीवरचं घड्याळ त्यांना दिसेना. ऑपरेशनचं नाव काढलं की त्या उठून स्वयंपाकघरात जात. सारखी कुणाला तरी वेळ विचारायची त्यांना लाज वाटे. जावयाने मस्कतहून बोलणारं घड्याळ पाठवलं, पण त्यातली बाई इंग्रजीत वेळ सांगायची, आणि काकूंना वाटायचं ती आपल्यावर रागावली आहे. तेव्हा काकांनी ठरवलं की बायकोचे डोळे बदलण्यापेक्षा घड्याळ बदलणं सोपं.

त्यांनी गावभरातले जुने मोबाइल गोळा केले, एका फळीवर ठोकले आणि वायरींनी जोडले. प्रत्येक तासाला एक मोबाइल, आणि प्रत्येक मोबाइलमध्ये त्या तासाचा नागावातला आवाज. सकाळी नऊला मासेवालीची हाक, दहाला एसटीचा हॉर्न, चारला कपबशी. बाराला नारळ पडल्याचा आवाज हवा होता. त्यासाठी काका डोक्यावर हेल्मेट घालून माडाखाली दिवसचे दिवस बसले. नारळ पडायचा तो ते चहाला आत गेल्यावर. शेवटी नारळ काढणाऱ्याला वर चढवून एक टाकायला लावला, पण तो आवाज काकांनी नापास केला. "हा टाकलेला वाटतो, पडलेला वाटत नाही." पुढे एकदाचा एक नारळ आपणहून पडला, तेव्हा कुठे बाराचा मोबाइल भरला.

फळीला त्यांनी 'श्रवणघटिका' नाव दिलं. गाव त्याला बोंबल्या म्हणायचं. नऊला तो बोंबलला की शेजारणी ताटं घेऊन बाहेर येत आणि रस्त्यावर कुणीच नसे. मासेवालीने तक्रार केली की माझी हाक माझ्याआधी पोचते. काकांनी तिला वेळेवर यायला सांगितलं, आणि आश्चर्य म्हणजे ती येऊ लागली.

घड्याळात दोष एकच होता. वीज गेली की ते थांबायचं, आणि आली की थांबलं होतं तिथूनच पुढे चालायचं. काकांच्या मते घड्याळ बरोबर होतं, वीज मागे होती.

त्यांची एकुलती एक मुलगी मस्कतहून चार दिवस अलिबागला सासरी आली होती. तिकडे परतताना ती मांडव्याहून मुंबईची दुपारची बोट धरणार होती, आणि हे दोघं तिला तिथेच भेटणार होते. काकूंनी लाडू बांधून ठेवले. त्या सकाळी वीज बराच वेळ गेली होती. नारळ पडल्यावर निघायचं ठरलं होतं; नारळ पडला, ते निघाले, आणि मांडव्याला पोचले तेव्हा बोट गेलेली होती. मुलीने खूप फोन केले होते. पण काकांचा फोन चारच्या कपबशीसाठी फळीवर ठोकलेला होता.

पुढचं मला काकांनीच सांगितलं. काकू धक्क्याच्या टोकाला उभ्या राहिल्या आणि त्यांनी विचारलं, "गेली का?"

"आत्ताच सुटली," काका म्हणाले. "हात कर. तिला दिसशील."

काकूंनी हात केला. बराच वेळ करत राहिल्या. समोर नुसतं पाणी होतं.

परतताना रिक्षात काकूंनी लाडवांचा डबा मांडीवर धरला होता. घर आल्यावर म्हणाल्या, "उद्या अलिबागला न्या मना. डोळे करून घेते."

ऑपरेशन छान झालं. घरी आल्यावर काकूंनी ती फळी पहिल्यांदा पाहिली. चष्मा वर-खाली करून नीट पाहिली. "येवढी खटपट माझ्यासाठी होय," त्या म्हणाल्या, आणि थोड्या वेळाने, "भिंत पार घालवलीत." दुसऱ्या दिवशी काकांनी कुणी न सांगता फळी उतरवली आणि तिथे बाजारातलं साधं घड्याळ लावलं. ते अगदी बरोबर चालायचं.

त्यानंतर माझी पनवेलला बदली झाली. परवा त्यांना भेटायला गेलो, तर काका ओटीवर मांडीवर हात ठेवून बसले होते. घरात कसलाच आवाज नव्हता. काकू मला स्वयंपाकघरात घेऊन गेल्या आणि हळूच म्हणाल्या, "हे नुसते बसून असतात. तुमच्याकडं काय बिघडलेलं हाय का?"

माझ्याकडे बिघडलेलं काहीच नव्हतं. मी बाहेर आलो आणि मनगटावरचं घड्याळ काढून काकांसमोर धरलं. म्हटलं, हल्ली हे मागे पडतंय.

काकांनी ते कानाशी नेलं, डोळे मिटले आणि पुष्कळ वेळ ऐकलं.

"आवाजावरूनच कळतंय," ते म्हणाले. "ठेवून जा. वेळ लागेल."

ते परत आणायला मी अजून गेलेलो नाही.