हुकूम सरळ, गल्ली वाकडी

पाडलेल्या बांधकामाच्या विटा लोक उचलून नेतात, किस्से मात्र बेलिफाच्या वाट्याला येतात. सत्तरच्या दशकात मी नाशिकच्या दिवाणी कोर्टात बेलिफ म्हणून लागलो. बेकायदा बांधकाम पाडायचा हुकूम घेऊन जायचं, मजुरांकडून पाडून घ्यायचं आणि अहवाल लिहायचा. ऐकायला सोपं! जोडीला शिरसाठ नावाचा दुसरा बेलिफ. आम्ही दोघं भर रस्त्यात एकमेकांच्या तोंडाकडे बघत किती वेळा उभे राहिलो, देव जाणे.

*

पंचवटीतला हुकूम होता, ‘कडुलिंबाच्या पूर्वेकडील भिंत पाडावी.’ गल्लीत भिंती भरपूर, कडुलिंब एकही नाही! दोन शेजाऱ्यांचं भांडण. दोघांनीही आम्हाला चहा पाजला आणि दोघांनीही समोरच्याची भिंत दाखवली. शेवटी शिरसाठने ओट्यावरच्या एका म्हातारीला विचारलं, "मावशी, इथला कडुलिंब कुठाय?"

"तो होय? तो गेला ना होळीत!"

परत येऊन कोर्टातल्या आमच्या वरिष्ठांना, नाझरसाहेबांना सांगितलं, झाडच नाही, पूर्व कुठून मोजायची? ते म्हणाले, "मग झाड लावून या!"

*

नाशिक रोडला एका गृहस्थांनी मागच्या अंगणात परवानगीशिवाय खोली काढलेली. आम्ही पोचलो तर तेच पहार घेऊन तयार! "तुम्ही कशाला त्रास घेता? मीच पाडतो." आम्ही खूश. निम्मी खोली पडली आणि त्यांची बायको भाजी घेऊन आली. पिशवीच टाकली तिने. "अहो, ही तर आपली जुनी खोली!"

गृहस्थ हळूच मला म्हणाले, "ती गळतच होती हो. नवी राहू द्या ना!"

*

एकदा शिरसाठच्या हातात हुकूम पडला आणि पत्ता निघाला त्याच्याच सासुरवाडीचा. रस्त्यावर आलेला ओटा पाडायचा होता. सासूबाई दारात येऊन म्हणाल्या, "जावईबापू, आधी जेवा, मग पाडा!"

तो आत जेवायला बसला. तोवर बाहेर उभं राहून ओटा मी पाडून घेतला. त्या सासूबाई त्याच्याशी शेवटपर्यंत नीट बोलल्या. माझ्याशी नाही. आणि मी तर जेवलोही नव्हतो!

*

एक पत्र्याची शेड पूर्ण पाडून झाली आणि वकीलसाहेब सायकलवरून धापा टाकत आले. हातात वरच्या कोर्टाची स्थगिती. "थांबा! ‘जैसे थे’ ठेवायचं!"

शिरसाठ म्हणाला, "म्हणजे होतं तसं, की आहे तसं?"

वकीलसाहेबांनी कागद वाचला, ढिगाऱ्याकडे पाहिलं, पुन्हा कागद वाचला. "तेच तर विचारावं लागेल," म्हणाले. उत्तर येईपर्यंत ढिगाऱ्याला हात लावायची कुणाची हिंमत नव्हती. कोर्टाचं संरक्षण होतं ना त्याला!

*

आणि जुन्या नाशकातले निवृत्त मास्तर. शेजारच्या हुसेनभाई शिंप्यांनी सामाईक बोळात दुकानाची खोली बांधली, म्हणून मास्तरांनी दावा लावला. नऊ वर्षं चालला. जिंकले. तारखेला दोघं एकाच रिक्षातून यायचे, हे आम्ही पाहिलेलं.

पाडायच्या दिवशी हुसेनभाईंनी शिलाई मशीन मुकाट्याने बाहेर आणून ठेवलं होतं. मजूर पुढे सरकले, तर दाराला आतून कडी. आत मास्तर!

"मास्तर, हुकूम तुमचाच आहे!" मी म्हणालो.

"हो. मीच जिंकलोय."

"मग बाहेर या."

"नाही येणार."

"पाडायचं नसेल तर तसा अर्ज द्या."

"का देऊ? नऊ वर्षं लढलोय!"

हुसेनभाई दाराला तोंड लावून विनवत होते, "मास्तर, कोर्टाचा हुकूम आहे. असं करू नका. निघा बाहेर."

आतून आवाज आला, "तू गप बस, हुसेन!"

दुपारपर्यंत थांबून आम्ही परतलो. अहवालात मी लिहिलं, ‘अडथळा आणणारे : वादी. कोर्टास सहकार्य करणारे : प्रतिवादी.’

जज्जसाहेबांनी तो दोनदा वाचला. चष्मा काढला. "बेलिफ, नावं उलटी पडलीत का?"

"नाही, साहेब."