रफूची उलटी बाजू

माझी मावशी रफू करते. कपड्याला कसर लागली, खिळ्याने फाटलं, इस्त्रीने जळलं, की त्याच कपड्याच्या शिवणीत सोडलेल्या मायेतून, म्हणजे आत दुमडलेल्या जादा कापडातून, ती धागे काढते आणि भोक असं विणून टाकते की नंतर शोधून सापडत नाही. एकोणतीस वर्षं एका लाँड्रीच्या मागच्या खोलीत, टांगलेल्या कपड्यांच्या दांडीखाली बसून तिने हेच केलं. मग एका सकाळी लाँड्रीवाल्या काकांनी सांगितलं, महिनाअखेर दुकान बंद. मावशी बावन्न वर्षांची, घरात एकटी. "आता मला कोण विचारणार?" हे ती दिवसातून दहा वेळा म्हणायची. पाचव्या वेळेपर्यंत मला तिची कीव यायची, पुढे राग.

म्हणून मीच तिला फोनवर खातं उघडून दिलं. मला कशाचाही धीर धरवत नाही. पहिल्याच आठवड्यात तिच्या कामाचे अकरा फोटो टाकून मोकळी झाले. पण फोटोत दिसणार काय? एक धडधाकट पँट, एक धडधाकट स्वेटर. काम जितकं चांगलं, तितकं दाखवायला काहीच नाही, हे माझ्या डोक्यातच आलं नव्हतं. एकाने खाली लिहिलं, "नवीन कपड्यांचे फोटो टाकून लोकांना फसवू नका." त्या दिवशी मावशी जेवली नाही.

त्याच वादावादीत कुणीतरी आम्हाला रफू करणाऱ्यांच्या ग्रुपमध्ये ओढलं. तिथे सुलटी बाजू कुणी टाकतच नाही. उलटी टाकतात. धाग्यांची टोकं, वळताना सोडलेले सैल फेरे, हाताची सगळी चाल उलटीकडेच कळते. मावशी ते फोटो बोटांनी मोठे करकरून बघायची. "ही बघ किती आवळतेय! पहिल्या धुण्यात कापड आकसणार." मी तेच लिहिलं, आणि पलीकडच्या बाईने चक्क मानलं. इतकी वर्षं खाली मान घालून एकटीने काढल्यावर तिला तिच्याच कामातली माणसं भेटली होती. तिला एकटीला हसताना बघून आधी तर मी घाबरलेच.

आणि महिना संपायला चार दिवस उरले असताना त्याच ग्रुपमधून निरोप आला. एका नाटकमंडळीच्या कपडेपटाच्या मुख्य बाईंना कायमची रफूवाली हवी होती. "जाड लोकरी कापडावरच्या कामाची उलटी बाजू पाठवा. आज पाचपर्यंत. पाचला नाव ठरवायचंय."

मावशीने खोलीभर नजर फिरवली. तिची सगळी कामं गिऱ्हाइकांच्या घरी गेलेली. टेबलावर एकच होतं, एक करडा लोकरी कोट. एका गृहस्थांनी मेव्हण्याचा कोट न विचारता घातला होता आणि पाठीवर इस्त्रीने तळहाताएवढा जाळला होता. "मावशी, कळलं तर माझं काही खरं नाही," ते हात जोडून म्हणाले होते, आणि कुणाला कळणार नाही असा मावशीने शब्द दिला होता. आयुष्यात याहून चांगलं काम तिने केलं नसेल.

"याचाच फोटो पाठव. नाव कुठे लिहायचंय त्यावर?" मी म्हणाले.

"मेव्हणा त्या ग्रुपात नसेल कशावरून? रफूवाली ज्याचं झाकते ना, त्याचं उघडं करत नाही."

मग तिने स्वतःची चांगली लोकरी शाल घेतली, कात्रीने मधोमध भोक पाडलं आणि विणायला बसली. एवढं काम म्हणजे दोन दिवसांचं, आणि हातात होते सहा तास. बाराला चार ओळी झाल्या. एकला तिचं बोट दुखायला लागलं. ती हात धुवायला उठली, तेवढ्यात मी कोट उलटला, फोटो काढला आणि तिच्याच खात्यावरून बाईंना पाठवून दिला. ती परत आली तेव्हा मी ताकास तूर लागू दिली नाही. पण त्यानंतर माझा जीव असा टांगणीला लागला की मला धड बसवेना.

पावणेपाचला भोक अर्धंच भरलं होतं. आम्ही तसाच फोटो पाठवला. पाच वाजले, सव्वापाच झाले. मावशी सुईत दोरा ओवत राहिली, आणि तो काही जाईना.

पाच वीसला फोन वाजला. मी स्पीकर चालू केला.

"दोन फोटो मिळाले," बाई म्हणाल्या. "शालीचं भोक कात्रीचं आहे, आणि काम घाईतलं. पण कोट! असं काम मी फार वर्षांत बघितलं नाही. ते काम तुमचंच ना? तो कोट कुणाचा?"

मावशीने माझ्याकडे बघितलं. त्या बघण्याची मला अजून लाज वाटते. नोकरी एका 'हो'वर होती. कोट आपलाच म्हटलं असतं तरी भागलं असतं, पण मग बाईंनी तो फोटो कौतुकाने ग्रुपमध्ये दाखवला असता आणि तो मेव्हण्यापर्यंत गेला असता.

"चुकून आला तो फोटो," मावशी म्हणाली. "ते काम माझं नाही. पुसून टाका."

मला वाटलं, गेलं सगळं, आणि ते मी घालवलं.

"पुसला," बाई म्हणाल्या. "शालीतले सैल फेरे डावीकडे झुकलेत. कोटातलेही तसेच होते. ते काम ज्यांचं असेल, त्यांना सोमवारी दहाला पाठवा."

मावशीने कोट घडी घालून कागदात गुंडाळला. तिचे डोळे वाहत होते, ते पुसायचंही तिला सुचत नव्हतं.

"ग्रुपवर सांगू?" मी हळूच विचारलं.

"तू आता कुणाला काही सांगू नकोस," ती म्हणाली.