बहिणीची पहिली जांभई

माझी धाकटी बहीण लहानपणी बैलगाडीवरून थेट हनुवटीवर पडली. हनुवटी फुटली, मायनं हळद दाबली, जखम भरूनही आली. आम्ही मेंढरांमागं फिरणारी माणसं, पडणं-झडणं रोजचंच. पण त्यानंतर तिचं तोंड उघडणं कमी कमी होत गेलं. आधी पेरू चावता येईना, मग भाकरीचा घास आत जाईना. शेवटी दातावर दात बसले ते बसलेच. पुढचा एक दात नव्हता, त्या फटीतून ती दुधात कुस्करलेली भाकरी बोटानं आत ढकलायची. बोलायचीही दात मिटूनच. तिचं बोलणं आम्हा घरच्यांनाच कळे. अंग वाढलं, हनुवटी मात्र वाढली नाही.

माझं लग्न होऊन मी मुकुंदवाडीला आले, तेव्हा ती बारा-तेरा वर्षांची होती. शेजारणीनं सांगितलं, इथं शहरात जबड्याचे डॉक्टर आहेत. माय-दादांना कन्नडकडचा कळप सोडता येईना, म्हणून मीच तिला एसटीनं घेऊन आले आणि दवाखाना गाठला.

तपासणाऱ्या डॉक्टरीणबाई वयानं माझ्याएवढ्याच असतील. त्यांनी जबड्याचा एक्स-रे फोटो काढून घेतला, पण तो दाखवायच्या आधी मला म्हणाल्या, "कानाच्या अगदी पुढं दोन्हीकडं बोटं ठेवा. आता तोंड उघडा. काय लागतंय?"

"आत काहीतरी फिरतंय."

"आणखी मोठं उघडा."

मी आ केला आणि दचकले. बोटांखालचं हाड नुसतं फिरत नव्हतं, ते पुढं सरकलं होतं. तिथं चक्क खळगा पडला होता.

"दाराची बिजागरी जागच्या जागी फिरते," त्या म्हणाल्या. "हा सांधा तसा नाही. आधी फिरतो, मग आपल्या खोबणीतून निघून पुढच्या उंचवट्यापर्यंत येतो आणि तोंड मिटलं की परत घरात जातो. मधे एक मऊ चकती असते, तीही हाडासंगं पुढं-मागं जाते, म्हणून हाडावर हाड घासत नाही. आणि खालच्या जबड्याचं हाड एकच, त्यामुळं दोन्ही कानांजवळचे सांधे एकमेकांना धरून चालतात. तुम्ही बोलता, जेवता, जांभई देता, दर वेळी."

मी बोटं काढलीच नाहीत. तोंड उघडत होते, मिटत होते. एवढी वर्षं चेहऱ्यात असलं काही चाललेलं, आणि मला पत्ता नव्हता!

बहिणीनं माझं बघून आपल्याही कानापुढं बोटं ठेवली. जोर लावला. मग माझ्याकडं बघत दातांतूनच म्हणाली, "अक्का, माझं काहीच हलंना."

"पडलीस तेव्हा आत सांधा दुखावला," डॉक्टरीणबाई तिच्याशी बोलल्या. "दोन्हीकडं हाडाला हाड चिकटलंय. आपण मधलं हाड काढू, आणि कानशिलाचा थोडा मांसल पदर तिथं घालू. पण मग रोज तोंड उघडायचं. दुखलं तरी. नाहीतर पुन्हा चिकटंल."

ऑपरेशन झालं. कानांपुढं टाके, डोक्याला पट्टी. सूज जरा उतरली, तेव्हा डॉक्टरीणबाईंनी तिच्या दातांमधे लाकडाच्या चपट्या पट्ट्या सरकवल्या. ती ओरडली. ओरडताना तोंड उघडलं आणि मला आत तिची जीभ दिसली. लालचुटुक, ओली, थरथरणारी. मी सख्खी बहीण, पण किती वर्षांनी बघत होते. तिनं आरसा मागितला. बराच वेळ जीभ इकडून तिकडं हलवत राहिली, रडायचं विसरून.

मग घरी आल्यावर रोज सकाळ-संध्याकाळ त्या पट्ट्या. ती मला शिव्या द्यायची, हात झटकायची. मी सासूबाईंना स्वयंपाकाला लावून तिच्यापुढं बसायचे. हळूहळू एकेक पट्टी वाढली.

एका दुपारी आम्ही ओसरीवर बसलो होतो. ती डुलकत होती. एकाएकी तिचं तोंड आपोआप उघडलं, आणखी उघडलं, डोळ्यांत पाणी आलं, आणि आवाज करत मिटलं. ती घाबरून ताठ बसली.

"अक्का, काय झालं गं मला?"

"जांभई आली बाई तुला," म्हणून मी तिला मिठी मारली. सासूबाई आतून धावत आल्या. त्यांना दाखवायला ती पुन्हा जांभई आणायला बघू लागली, पण हसूच येत होतं.

कन्नडला परत नेलं, तेव्हा माय रात्री मेंढरं कोंडतात त्या वाड्यापाशी कळप मोजत होती. काठी टाकून आली. दातांवरून मेंढराचं वय बघायला धरावं तशी तिनं लेकीची हनुवटी धरली, तोंड उजेडाकडं फिरवलं आणि आत बघतच राहिली.

"सगळ्या दाढा आल्यात की गं," माय म्हणाली. "आन् मला ठावंच नाय."