पाठीवर 'काव्य', पोटात ईश्वरविज्ञान

मंजुळाताईंचा फोन आला तेव्हा मी शिडीवर उभी होते आणि हातात कादंबऱ्यांचा गठ्ठा होता.

"मॅडम, तुमी पेटीतून कवितेचं पुस्तक पाठवलं ना?"

"हो. का?"

"मग त्याच्यात येशू कुठून आला?"

मला काहीच उलगडेना. मी शिडीवरून उतरले, कादंबऱ्या टेबलावर ठेवल्या आणि त्यांना पुन्हा पहिल्यापासून सांगायला लावले.

मी जव्हारच्या एका सार्वजनिक वाचनालयात ग्रंथपाल आहे. तत्त्वज्ञान घेऊन एम.ए. झाल्यावर माझी पुष्कळ वर्षे घरातल्या आजारपणांत गेली. ग्रंथालयशास्त्राचा प्रमाणपत्र वर्ग मी केला तो पंचेचाळिशी उलटल्यावर. या वयात नवशिके असणे अवघड असते. केस पांढरे दिसले की लोक धरून चालतात, या बाईंना सर्व ठाऊक असणार. मला बहुतेक वेळा ठाऊक नसते, आणि ते सांगण्याचे धाडसही होत नाही.

आमच्या वाचनालयाची एक पेटी योजना आहे. पत्र्याच्या पेटीत पुस्तके भरून ती दर महिन्याला मोखाडा तालुक्यात पाठवायची, जुनी परत आणायची. सूर्यमाळची पेटी तिथल्या एका पाड्यावर अंगणवाडी सेविका मंजुळाताईंकडे उतरते. दुपारी मुले घरी गेली की ताई वाचतात, आणि ज्या बायकांना वेळ असतो त्यांना वाचूनही दाखवतात.

त्या महिन्याच्या पेटीतले एक जाडसर पुस्तक ताईंच्या पुतण्याने चाळले. तो भिवंडीला गोदामात काम करतो, चार दिवसांसाठी गावी आला होता. पुस्तकाच्या पाठीवर आमच्या वाचनालयाचे लेबल होते, 'काव्य'. त्याने मध्येच उघडले तर पानावर ख्रिस्त, कृपा आणि ख्रिस्ती मंडळी. त्याने कोणाला काही वाईट सांगितले नाही. फक्त हसून म्हणाला, "काकी, तू कधीपासून ह्यांच्यात गेलीस?" ते ओसरीवर बसलेल्यांनी ऐकले. संध्याकाळपर्यंत पाड्यावर बोलणे झाले की अंगणवाडीची ताई कवितेच्या नावाखाली लहान मुलांना दुसरा धर्म शिकवते.

"पाच बाया पोरं पाठवत नाय आता," ताई म्हणाल्या. "पोलीस पाटील बोलतात, ऑफिसला कळवायला लागंल. मॅडम, माझी नोकरी जाईल ना हो."

मी "बघते" म्हणाले. काय बघणार, ते मलाही माहीत नव्हते.

आमचे अध्यक्ष कर्णिकसाहेब. बाजारात त्यांचे हार्डवेअरचे दुकान आहे आणि वाचनालयाचे निर्णय बहुधा तिथेच होतात. मी गेले तेव्हा ते एका गिऱ्हाइकाला नळाची तोटी दाखवत होते.

"पुस्तक परत मागवा, पेटी बंद करा, विषय संपला," ते म्हणाले. "धर्माच्या भानगडीत वाचनालयाचं नाव नको."

पुस्तक गुपचूप परत मागवले तर आपण खरोखरच काही लपवत होतो असे दिसेल, आणि मग त्या ताईंची बाजू कोण घेणार, असे मला म्हणायचे होते.

"बरं, साहेब," मी म्हणाले.

तिथून मी बाइंडर सावंतमामांकडे गेले. आमच्याकडे फार पूर्वीपासूनची पद्धत अशी, की पातळ पुस्तके एकेकटी कपाटात ठेवायची नाहीत. ती हरवतात, वाकतात. म्हणून एकाच आकाराची तीन-चार पुस्तके एकत्र शिवून त्यांचा एक जाड खंड करायचा. मामांनी आयुष्यभर हेच केले आहे. गेल्या वर्षी नाशिकच्या एका दिवंगत प्राध्यापकांच्या कन्येने वडिलांचा संग्रह आम्हाला दिला होता. त्यात दोन प्रकारची पुस्तके होती. एक, रोजच्या जगण्यावरच्या कविता: स्वयंपाकघर, बसथांबा, दवाखान्यातली रांग. दुसरी, आधुनिक प्रॉटेस्टंट विचारवंतांच्या ग्रंथांचे मराठी अनुवाद. देवाविषयीच्या अशा पद्धतशीर विचाराला थिऑलॉजी म्हणतात, मराठीत ईश्वरविज्ञान. दुर्दैवाने दोन्ही प्रकारची पुस्तके पातळ होती आणि एकाच आकाराची होती.

"मामा, तुम्ही कविता आणि धर्म एकत्र शिवलात."

"मी साइज बघतो, मॅडम. आत काय आहे ते तुमचं खातं."

"पण पुस्तकांची पहिली पानं तरी असतील ना? नावं, लेखक?"

"वाळवी होती. कव्हरं आणि पुढची पानं काढून टाकली. वरच्या पुस्तकावर काव्य लिहिलेलं होतं, तेच लेबल लावलं."

"खंड उसवून पुस्तकं वेगळी करता येतील?"

"येतील की. पण कडा कापल्यात आणि कागद जुना आहे. सुई घातली तर भुगा होईल."

म्हणजे सूर्यमाळला एक असे पुस्तक होते, ज्यात कविता कुठे संपतात आणि ईश्वरविज्ञान कुठे सुरू होते हे कोणालाच ठाऊक नव्हते. मी ठरवले की आपण जाऊन ते वेगळे करून दाखवावे. खुणेच्या पट्ट्या घालाव्यात: इथपर्यंत कविता, इथून धर्मविचार. ताईंवरचा आळ दूर होईल. रात्री मी एक छोटे भाषणही लिहिले. कर्णिकसाहेबांना मात्र सांगितले नाही. फक्त रजेचा अर्ज दिला आणि ताईंना येत असल्याचे कळवले.

खोडाळ्यापर्यंत एसटी आणि पुढे जीप. अंगणवाडीच्या ओट्यावर पोलीस पाटील, काही म्हातारी माणसे आणि बऱ्याच बायका आधीच बसल्या होत्या. बायकांचे हंडे भिंतीशी रांगेत होते. पाण्याचा टँकर यायचा होता. मंजुळाताई दाराशी उभ्या होत्या. त्यांनी मला पाणी दिले आणि पुस्तक माझ्या हातात ठेवले.

मी भाषण सुरू केले. जगातल्या सर्व ज्ञानाचे ग्रंथालयात दहा वर्ग करतात, दोनशेच्या आकड्यात धर्म, आठशेच्या आकड्यात साहित्य, वगैरे. बायका टँकरच्या वाटेकडे पाहू लागल्या. त्यामुळे मी आणखी घाबरले.

"बाय," पाटील शेवटी शांतपणे म्हणाले, "आकडे ऱ्हाऊ द्या. ह्याच्यात कविता कुठली नि देवाचं कुठलं, ते दाखवा."

मी एक पान उघडून वाचले. 'रिकामा हंडा घेऊन परतताना मला वाटले, कोणीतरी बरोबर चालत आहे. मी वळून पाहिले नाही. वळले असते तर ओझे पुन्हा माझे एकटीचे झाले असते.'

"ही कविता," मी म्हणाले, आणि पान उलटले. पुढचे वाक्य होते, 'कृपेचा अनुभव हा असा, पाठीमागून येणारा असतो.' खाली तळटीप होती, म्हणजे उतारा एखाद्या विचारवंताच्या ग्रंथातला होता. मी घातलेली खुणेची पट्टी काढून घेतली.

दुसरे पान. 'शंका घेणाऱ्याला दाराबाहेर उभे करू नका. आत बसलेल्यांपेक्षा त्यालाच दाराची अधिक माहिती असते.'

"हे ईश्वरविज्ञान," मी म्हणाले. त्याखालीच भाजीवाल्याशी केलेली घासाघीस होती आणि ओळी यमकात होत्या.

मी तिसरे वाचले. त्यात एक बाई पहाटे दुधाची पिशवी फोडताना कोणाला तरी विचारते, तू रात्रभर जागाच होतास का.

"दुधाची पिशवी?" एका म्हातारीने विचारले. "म्हंजे बंबईचं हाय."

"तू म्हंजे कोण पण?" दुसरी म्हणाली.

"नवरा आसंल."

"नवऱ्याला कोण विचारतं, जागा होतास का? जागा आसंल तर पाणी भरायला धाडील त्याला." बायका हसल्या. "देवच हाय तो. प्रार्थनाच हाय ही."

"मग कविता कुठली?" पाटलांनी मला विचारले.

मी पाने मागेपुढे केली. ज्या पानांना मी निश्चितपणे कविता समजत होते, ती आता प्रार्थनेसारखी वाटू लागली. जी धर्माची वाटत होती, त्यांत एसटी, ताप आणि भाकरी होती. तत्त्वज्ञानाची पदवी मला मुळीच उपयोगी पडली नाही. पट्ट्या मांडीवर तशाच राहिल्या.

"मला सांगता येत नाही," मी म्हणाले.

"तुमाला सांगता येत नाय, तर आमी काय समजायचं?" पाटील म्हणाले. ते रागावलेले नव्हते. "आता नीट ऐका. ख्रिस्ती पुस्तक हाय म्हणून कुणाचं काय नाय. खोडाळ्याच्या बाजारात बायबल वाटतात, आमी बी घेतलंय. पण त्याच्यावर बायबल लिवलेलं असतं. तुमी वर येक लिवलं नि आत येक दिलं. मंग लोक बोलणार, लपवून आणलं. नि आणलं कुणी, तर ह्या ताईनं. मला येवढंच सांगा, ताईला ठावं होतं का?"

मी इतका वेळ पुस्तकाचा प्रश्न सोडवत होते. प्रश्न ताईंचा होता.

"नाही," मी म्हणाले.

"मोठ्यानं बोला, मॅडम," मंजुळाताई दारातून म्हणाल्या. "मागं ऐकू येत नाय."

शाळेत असतानाही मी कधी वर्गात हात वर केला नव्हता. मी उभी राहिले. "ताईंना ठाऊक नव्हते. लेबल चुकीचे आहे. ते आमच्या वाचनालयाने लावले. ताईंनी आम्ही दिले तेच घेतले. चूक वाचनालयाची आहे."

"पुन्यांदा बोला," पाटील म्हणाले. "जीपवाले आत्ता आले."

मी पुन्हा बोलले. मग पर्समधले पेन काढून लेबलावर 'काव्य'च्या पुढे लिहिले, 'आणि ख्रिस्ती धर्मविचार'. पाटलांनी ते निरखून पाहिले, शेजारच्या म्हाताऱ्याला दाखवले आणि पुस्तक ताईंकडे परत दिले. ऑफिसला कळवण्याचा विषय पुन्हा निघाला नाही. टँकरचा हॉर्न वाजला आणि ओटा रिकामा झाला.

जव्हारला परतल्यावर मी कर्णिकसाहेबांना सर्व सांगितले. रजेचा अर्ज त्यांच्या समोरच होता.

"न विचारता गेलात," ते म्हणाले.

"हो, साहेब."

"पाटील काय म्हणाले?"

"पेटी येऊ द्या म्हणाले. पण वर जे लिहाल तेच आत असू द्या."

त्यांनी अर्जावर सही केली. "मग ते पुस्तक काय ठरलं? कविता की धर्म?"

"अजून ठरले नाही, साहेब."

पेटी बंद करण्याचे साहेबांनी पुन्हा काढले नाही. ती चालू राहिली. पाच जणींपैकी तिघींनी मुले लगेच पाठवली. चौथीसाठी ताईंना दोनदा तिच्या घरी जावे लागले. पाचवी अजून ताईंना वाटेत भेटली की दुसरीकडे पाहते, आणि तिचा मुलगा घरीच असतो.

आमच्या व्यवसायात शिकवतात की पुस्तक नीट समजल्याशिवाय त्याला लेबल लावू नये. त्यात मला आता एक भर घालावीशी वाटते. चुकीचे लेबल दुरुस्त करण्यासाठी पुस्तक समजण्याची गरज नसते. ज्याने ते लावले त्याला जीप धरून तिथवर जावे लागते, आणि मागच्या रांगेला ऐकू जाईल इतक्या मोठ्याने बोलावे लागते.