म्हात्र्यांचा जपानी कागद

म्हात्रे कोणाच्याही घरी गेले की आधी माणसांकडे बघायचे नाहीत. दारातच उभं राहून उजवा तळहात पुढे धरायचे, तो खिडकीकडे वळवायचे, मग ट्यूबलाइटकडे, आणि हातावरचा उजेड बघून कुठे बसायचं ते ठरवायचे. आमच्याकडे पहिल्यांदा आले तेव्हा मला वाटलं, हा माणूस घराची पाहणी करतोय. मी त्यांना पाणी दिलं आणि कपाटाची किल्ली हळूच पर्समध्ये टाकली.

माझा स्वभावच तसा. ठाण्याच्या एका सरकारी कचेरीत मी तीस वर्षं दाखले तपासले. जन्माचे, जातीचे, शाळा सोडल्याचे. शिक्का जरा तिरका दिसला तरी मला चैन पडायचं नाही. मी निवृत्त झाले, सवय काही झाली नाही. आणि खोपटला डेपोच्या मागे आमच्या सोसायटीत, नेमका माझ्याच खालच्या मजल्यावर, पंच्याऐंशीच्या घरातला हा आगरी गृहस्थ राहायला आला आणि जिन्यात भेटेल त्याला सांगू लागला, की मी जपानच्या सिनेमात होतो.

वागळे इस्टेटमधल्या भिंगांच्या कारखान्यात त्यांची नोकरी झाली, हे खरं होतं. त्यांचा हयातीचा दाखला भरून देताना मी कागद पाहिले होते. तरुणपणी कारखान्याने त्यांना वर्षभर शिकायला जपानला धाडलं, हेही जुन्या पासपोर्टवरून दिसत होतं. पुढचं सगळं मात्र तोंडी. तिथल्या कंपनीने एका स्टुडिओला नवं भिंग दिलं, ते सांभाळायला म्हात्र्यांना पाठवलं, आणि तिथल्या छायालेखकाने त्यांच्या हातात मोजपट्टी दिली. नटाच्या नाकापासून भिंगापर्यंतचं अंतर मोजायचं. असं चार महिने केलं म्हणे. हा ‘म्हणे’ मी त्यांच्या प्रत्येक वाक्याला मनात जोडत असे.

त्या छायालेखकाला ते ‘साहेब’ म्हणत. नाव विचारलं की म्हणत, “साहेबाचा नाव घेऊ नये, बाई.” नाव लपवणारा माणूस माझ्या टेबलावरून सहसा सुटला नव्हता. पण साहेबांची कारकीर्द त्यांना तोंडपाठ होती. चौदाव्या वर्षी स्टुडिओत कॅमेऱ्याचं तिकाटणं वाहायला लागला. आठ वर्षं नुसती पट्टी धरली, तेव्हा कुठे कॅमेऱ्याला डोळा लावायला मिळाला. युद्धानंतर फिल्म मिळेना, तेव्हा ढगांकडे बघत बसायचा आणि दोन मिनिटं ऊन पडलं की तेवढ्यात काम उरकायचा. काळ्यापांढऱ्यात त्याने नाव काढलं. मग रंग आले, घरोघरी टीव्ही आला, स्टुडिओला कुलूप लागलं, आणि म्हातारपणी साहेब शेवयांच्या जाहिराती काढत होता. हे शेवटचं त्यांना कारखान्यात आलेल्या एका जपानी इंजिनिअरकडून कळलं होतं.

“शेवयांनापन त्यानी सावली बरोबर दिली असनार,” म्हात्रे म्हणाले. त्यांचं नेहमीचं सांगणं असे, “पयली सावली बघा, बाई. मानूस मागनं.”

एकदा मी आडून विचारलं, भाषा येत नसताना तुम्ही काम कसं केलंत?

“दोनच शब्द लागतात. हाय न् नाय. त्यांचा हाय म्हंजे हो, नाय म्हंजे नाय. आमच्या गावचीच भाषा.”

इतकं सोयीस्कर काही असूच शकत नाही, म्हणून मी डोंबिवलीला जपानी शिकवणाऱ्या माझ्या भाचीला, सईला, फोन लावला. “अगं मावशी, खरंय ते,” ती म्हणाली. माझी जराशी निराशाच झाली.

पण माझी खरी नजर होती ती त्यांच्या भिंतीवर. तिथे एक जपानी हस्ताक्षरातला कागद फ्रेम करून लावलेला होता. साहेबांनी दिलेलं सर्टिफिकेट, असं ते सगळ्यांना सांगत. कोणाकडून वाचून घेतलंत का, असं विचारलं की पाणी आलं का नाही यावर बोलू लागत.

अशात ठाण्यातल्या एका सिनेमंडळाने त्यांचा सत्कार ठरवला. तुम्ही शेजारी आहात, तुम्हीच ओळख करून द्या, असं मला सांगण्यात आलं. स्टेजवर उभी राहून मी न तपासलेलं वाक्य बोलणार? म्हात्रे चहाचं सांगायला आत गेले तेव्हा मी मोबाइलवर त्या कागदाचा फोटो काढला. चोरीच ती. कागद खोटा निघाला तर सत्कार जाईल आणि जिन्यात या माणसाला मान वर करता येणार नाही, हे मला कळत होतं. तरी फोटो सईला पाठवला.

दुसऱ्या दिवशी तिचा फोन आला. तो ऐकून मी खाली गेले आणि आधी चोरी कबूल केली. म्हात्र्यांचा चेहराच उतरला.

“मंग समजला तुमाला. सर्टिफिकेट नाय ते. मना हाकलल्याचा कागद हाय.”

मी काही बोलायच्या आत त्यांनी सांगून टाकलं. बारा दिवस वाट बघून हवा तसा उजेड आला होता. कागदी दरवाज्यावर माइकच्या दांड्याची सावली पडली. साहेबाचा डोळा कॅमेऱ्याला, त्याच्या अंधुक काचेतून त्याला ती दिसत नव्हती. त्याने विचारलं, “कागे नाय ना?” कागे म्हणजे सावली. म्हात्र्यांनी बोट दाखवून सांगितलं, “हाय.” आपलं हाय, म्हणजे आहे. साहेबाने ऐकलं त्याचं हाय, म्हणजे बरोबर, सावली नाही. कॅमेरा सुरू झाला. चूक समजली तोवर उजेड गेला होता.

“काय बोलला नाय. आत गेला, कागद लिवला, दोन्ही हातांनी मना दिला. कारखान्यात हातात कागद दिला म्हंजे काय, ते तुमाला म्हाईत हाय. सकालच्या गाडीनं मी भिंगाच्या कंपनीत परत. घरी आल्यावर आयनं इचारला, काय मिलवलंस? मी कागद दाखवला. तिला वाटला सर्टिफिकेट. मंग तेच चालू ठेवला.”

“कोणाकडून वाचून का नाही घेतलंत?”

“हाकलल्याचा कागद कोन वाचून घेतो, बाई?”

सईने सांगितलेलं मी लिहून घेतलं होतं, ते वाचून दाखवलं. चारच ओळी होत्या, खाली सही आणि शिक्का. ‘आजची चूक माझी. मी प्रश्न उलटा विचारला आणि तुझं बोट पाहिलं नाही. पट्टी तुझीच आहे. उद्या सकाळी सहाला ये.’

“परत वाचा.” मी परत वाचलं.

“सहाला?”

“सहाला.”

“म्हंजे त्यानी दुसरा कोन घेतला नसंल पट्टीला,” ते म्हणाले. “वाट बघत उभा र्‍हायला असंल.”

सत्काराला ते आले नाहीत. “सहाला मी गेलोच नाय, तर सत्कार कसला?” एवढंच त्यांनी मंडळाला कळवलं. दोन महिन्यांनी म्हात्रे वारले.

खोटा कागद सापडला की मला नोकरीत गुपचूप आनंद व्हायचा, हे आता सांगायला हरकत नाही. म्हात्र्यांचा कागद अस्सल होता, सहीशिक्क्यासकट. तो खोटा निघाला असता तर फार बरं झालं असतं, असं मला अजून वाटतं.